सीताबर्डी

सीताबर्डी, बोलण्यात नुसती 'बर्डी', म्हणजे जुन्या नागपूरच्या पश्चिमेला दोन टेकड्यांच्या पायथ्याशी असलेलं एकेकाळचं वेगळं गाव, जे आता शहराच्या पार मधोमध आलंय. खेड्यावरचा माणूस मोर भवनला एसटीतून उतरला की 'बर्डीवर जाऊन येतो' म्हणतो, त्याला कापडलत्ता घ्यायचा असतो, टेकडी काही त्याच्या डोक्यात नसते.

नावाचा घोळ मोठा आहे. नेहमी सांगतात ती गोष्ट अशी की शितलाप्रसाद आणि बद्रीप्रसाद हे दोन गवळी भाऊ इथले, म्हणून 'शितलाबद्री', आणि इंग्रजांना ते बोलता येईना म्हणून 'सीताबुल्डी' झालं. पण 'बद्री'चं 'बुल्डी' व्हायला अक्षरांची बरीच उलटापालट लागते, आणि तेवढं करायची गरजच काय, कारण विदर्भात काळी, मोरंड, खरडी, बर्डी असे जमिनीचे जुने प्रकार आहेत, त्यातली बर्डी म्हणजे उंचवट्यावरची मुरमाड, हलकी जमीन. टेकडीखालच्या गावाला ते नाव सहज चिकटावं, इंग्रजी कागदांत 'र'चा 'ल' झाला एवढंच. 'सीता' कुठून आली हे मात्र यात सुटत नाही, तिथे गवळ्यांची गोष्टच जास्त कामी येते. तरी नावाचा मागचा अर्धा भाग जमिनीवरूनच आला असावा असं वाटतं.

इंग्रज रेसिडेंटचा, म्हणजे भोसल्यांच्या दरबारातल्या कंपनी सरकारच्या प्रतिनिधीचा, मुक्काम शहरात नव्हता, तो टेकडीच्या पलीकडे होता, म्हणून 26-27 नोव्हेंबर 1817 ची लढाई इथे झाली. नागपूरचे राजे अप्पासाहेब भोसले यांच्या फौजेतल्या अरबांनी लहान टेकडी घेतली होती, पण तिथे दारूगोळ्याचा स्फोट झाला, इंग्रजांकडच्या कॅप्टन फिट्झजेराल्डच्या घोडदळाने खाली हल्ला चढवला आणि साधारण 18 तासांत इंग्रजांच्या बाजूने निकाल लागला. टेकडीवरचा किल्ला बांधला तो या लढाईनंतर, त्यामुळे 'भोसल्यांचा किल्ला' म्हणणं चूक.

गाव शहरात गेलं ते एका दिवसात नाही. 1854 ला राज्य खालसा, 1861 ला मध्य प्रांताची राजधानी, 1864 ला नगरपालिका, 1867 ला रेल्वे, या सगळ्यात जुनं शहर आणि टेकडी यांच्यामधली मोकळी जागा भरत गेली. आता मेट्रोच्या दोन्ही लाइनी इथेच एकमेकींना भेटतात.

गांधीजींना 1923 च्या एप्रिल-मेमध्ये किल्ल्यात कैदेत ठेवलं होतं असं बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं सापडतं, पण त्या वर्षी ते येरवड्याला शिक्षा भोगत होते, तेव्हा हे जपूनच घ्यावं. किल्ला लष्कराकडे आहे, लोकांना 26 जानेवारी, 1 मे आणि 15 ऑगस्टला आत सोडतात.