अधांतर प्रदेशातले डोंगर: संच मांडण्याआधी हे वाचा

दिवाळीच्या किल्ल्यासाठी, गणपतीच्या देखाव्यासाठी किंवा पटावरच्या खेळासाठी तुम्ही आमचा ‘अधांतर’ संच घेतलात, मनापासून आभार. अधांतर हा आमच्या नाशिकच्या कार्यशाळेत रचलेला काल्पनिक प्रदेश. तिथला एकही डोंगर आपल्या जगात टिकणार नाही. तरीही तो बघणाऱ्याला खरा वाटावा म्हणून आम्ही एक शिस्त पाळतो: एका डोंगरात निसर्गाचा एकच नियम मोडायचा, बाकीचे सगळे काटेकोर पाळायचे. मोडलेला नियम लक्षात आला, की माती कुठे टाकायची आणि झाडं कुठे लावायची हे तुमचं तुम्हालाच सुचेल.

तरंगता सुळका

सह्याद्री सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाच्या थरांतून घडला. घट्ट काळा थर टिकतो, त्याचा कडा होतो. जाळीदार, ठिसूळ थर झिजतो, त्याचा उतार होतो. आपल्या सातमाळा रांगेत या पायऱ्या लांबूनही दिसतात. अधांतरात फरक एवढाच, की काळ्या कातळाला वजन नाही. खालचा ठिसूळ थर झिजून गेला की वरचा सुळका सुटतो आणि पाण्यात सोडलेल्या रिकाम्या घागरीसारखा हवेत वर येतो.

किती जोरानं? समुद्रसपाटीजवळ एक घनमीटर हवा सुमारे १.२ किलोची असते. तेव्हा १ लाख घनमीटरचा सुळका तिथे साधारण १२० टन ओझं पेलेल. माती, झाडं, टाक्यांतलं पाणी, माणसं, गुरं, सगळं त्यातच आलं. ओझं उतरलं की तो चढतो, आणि वर हवा विरळ होत जाते तिथे कुठेतरी थांबतो. आषाढात टाकी भरली की गावासकट खाली येतो, वैशाखात उंच जातो. म्हणून माथ्यावरचं झाड तोडायला तिथे बंदी आहे, आणि वाऱ्यानं भरकटू नये म्हणून सुळका साखळदंडांनी जमिनीला बांधलेला असतो. साखळ्या डब्यात आहेत, त्या विसरू नका. त्यांच्याशिवाय हा देखावा अर्धाच वाटतो असं आमचं ठाम मत आहे.

टांगायला तंगूस दोन लांबींचा दिला आहे. पावसाळी देखावा करणार असाल तर लांब वापरा, उन्हाळी असेल तर आखूड. सुळक्याच्या तळाला हिरवा रंग देऊ नका; तिथे ऊन पोचत नाही, फक्त लोंबती मुळं दिसतील.

उलटा धबधबा

पावसाळ्यात नाणेघाटात कड्यावरून पडणारं पाणी वाऱ्याच्या झोतानं परत वर उडतं. अधांतरातल्या या कड्यावर वारा नसला तरी पाणी वरच जातं. दगडगोट्यांना मात्र नेहमीसारखं वजन आहे. निघोजला कुकडी नदीच्या पात्रात प्रवाहाबरोबर गरगरणाऱ्या गोट्यांनी कातळात रांजणखळगे कोरले आहेत. आमच्या कड्यात ते छताला आहेत, कारण पाणी गोटे वर नेऊन तिथेच घुसळतं. उन्हाळ्यात प्रवाह मंदावला की तेच गोटे खाली कोसळतात. म्हणून गुळगुळीत गोट्यांचा ढीग पायथ्याशी रचा आणि झोपड्या त्यापासून लांब ठेवा.

निखारभिंत

जमिनीच्या भेगेत शिरलेला लाव्हा तिथेच थिजतो. पुढे आजूबाजूचा खडक झिजला की त्याची भिंत उरते. आपल्या जिल्ह्यात धोडपची भिंत बघून या, मधल्या खाचेसकट. आमची भिंत अजून निवलेली नाही, एवढंच वेगळं. तिच्यावर कायम धुकं असतं (कापूस दिला आहे) आणि लगतचा खडक भाजून तांबूस झालेला असतो. खडकातल्या पोकळ्यांमध्ये गरम पाणी खेळलं की स्फटिक धरतात. नाशिक परिसरातले स्टिल्बाइट आणि अ‍ॅपोफिलाइट असेच घडले. सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयात ते बघायला मिळतात. निखारभिंतीचं पाणी कधीच निवत नाही, त्यामुळे तिथले स्फटिक अजून वाढताहेत. मोठे स्फटिक भिंतीच्या जवळच्या पोकळ्यांत बसवा.

सगळे डोंगर प्लास्टरचे आहेत. पाण्यानं धुऊ नका, कोरड्या ब्रशनं झटका. रंग उडाला तर साधा अ‍ॅक्रिलिक रंग चालतो: काळ्यात थोडा तपकिरी मिसळा, नुसता काळा फार सपाट दिसतो. एखादा तुकडा तुटला तर टाकून न देता कार्यशाळेत आणा, आम्ही जोडून देतो.