मॅकवर विंडोजचे गेम

विंडोजसाठी बनलेले गेम मॅकवर विंडोज न बसवता, सुसंगतता सॉफ्टवेअरच्या आधाराने चालवण्याची पद्धत. तिचा पाया म्हणजे वाइन हा मुक्तस्रोत प्रकल्प. तो १९९३ मध्ये लिनक्ससाठी सुरू झाला आणि १९९४ पासून त्याची धुरा अलेक्झांद्र ज्युलियार यांच्याकडे आहे. वाइन आख्ख्या संगणकाची नक्कल करत नाही. फाइल उघडणे, आवाज वाजवणे अशी जी कामे गेम विंडोजला सांगतो, ती वाइन दुभाष्यासारखे मॅककडून करून घेते. गेमला दिसणारा सी ड्राइव्हसुद्धा मॅकवरचे एक साधे फोल्डरच असते.

२००६ मध्ये ॲपल इंटेलच्या प्रोसेसरकडे वळले आणि पुढच्याच वर्षी कोडवीव्हर्स कंपनीने वाइनवर आधारित क्रॉसओव्हर मॅकवर आणले. मात्र तेव्हा ॲपलचीच बूट कॅम्प ही सोय वापरून मॅकवर थेट विंडोजच बसवता येत असल्याने हौशी खेळाडूंना या खटाटोपाची फारशी गरज नव्हती. २०२० मध्ये आलेल्या, ॲपलच्या स्वतःच्या एआरएम धाटणीच्या एम१ चिपच्या मॅकवर बूट कॅम्प चालेना, तेव्हा ती खऱ्या अर्थाने भासू लागली.

आता भाषांतर तीन पातळ्यांवर होते. गेममधल्या इंटेलसाठीच्या सूचना ॲपलचे रोझेटा २ हे सॉफ्टवेअर एआरएममध्ये बदलते, विंडोजची कामे वाइन सांभाळते. सर्वांत अवघड भाग ग्राफिक्सचा. मॅकला डायरेक्टएक्स ही विंडोजची ग्राफिक्सची भाषा येत नाही, त्याला ॲपलची मेटल कळते. डीएक्सव्हीके आणि मोल्टनव्हीके ही भाषांतर करणारी जोडी व्हल्कन या तिसऱ्या ग्राफिक्स भाषेमार्गे, म्हणजे वळसा घालून, मेटलपर्यंत पोहोचते. ॲपलच्या २०२३ च्या गेम पोर्टिंग टूलकिटमधले डी३डीमेटल थेट मेटलमध्ये उतरते, म्हणून डायरेक्टएक्स १२ चे बरेच गेम खेळण्याजोगे झाले. हे टूलकिट खरे तर गेम बनवणाऱ्यांना चाचणीसाठी दिले होते. खेळाडूंनी ते लगेच आपलेसे केले. गंमत म्हणजे त्यातले वाइन क्रॉसओव्हरच्याच खुल्या स्रोतावर उभे आहे.

नवीन दृश्य पहिल्यांदा समोर येताना गेम अडखळतो, कारण शेडर, म्हणजे दृश्य रंगवणारे छोटे प्रोग्राम, त्याच क्षणी तयार होत असतात. हा त्रास सोसण्यासारखा आहे. व्हॅलरंटसारख्या ऑनलाइन गेमचे काय? त्याची फसवणूकरोधक यंत्रणा विंडोजच्या कर्नलमध्ये, म्हणजे अगदी गाभ्यात, शिरते आणि वाइनपाशी तो कर्नलच नसतो, त्यामुळे मॅक कितीही ताकदवान असला तरी गेम सुरू होत नाही. एकट्याने खेळायच्या गेमना ही अडचण सहसा येत नाही.