ऑक्सिजनवर धावणारा जपानी टॉर्पेडो

१५ सप्टेंबर १९४२ च्या दुपारी सॉलोमन बेटांजवळ ‘आय-१९’ या जपानी पाणबुडीने अमेरिकेच्या ‘वॉस्प’ या विमानवाहू नौकेवर सहा टॉर्पेडो सोडले. तीन वॉस्पला लागले. विमानांचं पेट्रोल आणि दारूगोळा पेटला, आग आवरेना, आणि रात्री अमेरिकनांनीच आपल्या जळत्या नौकेला जलसमाधी दिली. उरलेले तीन टॉर्पेडो चुकले खरे, पण ते तिथे थांबले नाहीत. तसेच पुढे धावत काही मैलांवरच्या दुसऱ्या ताफ्यात शिरले. त्यातला एक ‘नॉर्थ कॅरोलायना’ या अवाढव्य युद्धनौकेला लागला आणि एक ‘ओब्रायन’ या विनाशिकेला. नॉर्थ कॅरोलायना दुरुस्तीसाठी पर्ल हार्बरला गेली. ओब्रायन महिनाभर कशीबशी तग धरून होती, दुरुस्तीला जातानाच वाटेत मोडून बुडाली. पहिला टॉर्पेडो कुठे लागला आणि शेवटचा कुठे, यातलं अंतर इतकं होतं की त्या दिवशी तिथे दुसरीही पाणबुडी असलीच पाहिजे, असं बराच काळ मानलं जात होतं.

ही मजल त्या टॉर्पेडोंना आली कुठून? उत्तर शाळेच्या रसायनशास्त्राइतकं सोपं आहे. त्यांनी हवेऐवजी नुसता ऑक्सिजन भरून नेला होता.

टॉर्पेडो म्हणजे स्वतःचं इंजिन असलेला, पाण्याखालून पळणारा बाँब. त्या काळच्या बहुतेक टॉर्पेडोंमध्ये रॉकेलसारखं इंधन जाळत. पाण्याखाली हवा नाही, म्हणून ज्वलनासाठी लागणारी हवा एका जाड पोलादी टाकीत प्रचंड दाबाने भरून सोबत न्यायची. ज्वालेत पाण्याचा फवारा सोडायचा. त्यातून तयार झालेली वाफ आणि गरम वायू दट्ट्यांना ढकलतात आणि मागचे दोन पंखे एकमेकांच्या उलट दिशेने फिरतात. उलट दिशेने अशासाठी की एकच पंखा असता, तर टॉर्पेडो स्वतःच आडवा-उभा गरगरत सुटला असता.

या व्यवस्थेत एक मोठी उधळपट्टी आहे. हवेत ऑक्सिजन जेमतेम २१ टक्के, नायट्रोजन ७८ टक्के. म्हणजे टाकीतल्या जवळजवळ चार पंचमांश जागेत जळण्याला काडीचीही मदत न करणारा वायू कोंबलेला असतो. तीच टाकी तितक्याच दाबाने शुद्ध ऑक्सिजनने भरली, तर जाळण्याच्या कामी येणारा वायू पावणेपाच पट होतो. तेवढं जास्त इंधन नेता येतं, म्हणजे वेग वाढवा, पल्ला वाढवा किंवा पुढच्या टोकात जास्त स्फोटकं भरा.

दुसरा फायदा मला जास्त रंजक वाटतो. रॉकेल जळून मुख्यतः दोन गोष्टी तयार होतात, कार्बन डायऑक्साइड आणि वाफ. वाफेचं समुद्रात लगेच पाणी होतं. कार्बन डायऑक्साइड पाण्यात सहज विरघळतो, नायट्रोजनच्या सुमारे पन्नास पट. हवेवर चालणाऱ्या टॉर्पेडोच्या मागे बुडबुड्यांची जी पांढरी रेघ उमटते, ती मुख्यतः या न विरघळणाऱ्या नायट्रोजनची. डेकवरचा टेहळ्या तीच रेघ बघून ओरडतो आणि कप्तान सुकाणू फिरवतो. नायट्रोजन काढून टाकला की रेघ जवळपास पुसली जाते. दिवसा ती शोधणं कठीण, रात्री तर दिसण्याची आशाच नको.

मग हे सगळ्यांनीच का केलं नाही? प्रयत्न अनेकांनी केले होते, जपाननेही. पण स्फोट होऊ लागल्यावर नाद सोडून दिला. वेल्डिंगच्या दुकानात किंवा रुग्णालयात ऑक्सिजनच्या सिलिंडरला तेलकट हात लावू नका असं बजावतात, त्याचं कारण हेच आहे. दाबाखालच्या शुद्ध ऑक्सिजनमध्ये वंगणाचा लहानसा ठिपकासुद्धा भडकतो. झडप झटकन उघडली, की ऑक्सिजन नळीतून सुसाट धावतो आणि काटकोनातल्या वळणावर आदळून दाबला जातो. अचानक दाबलेला वायू तापतो. तिथे तेलाचा अंश असेल तर तो पेटतो, आणि त्या आगीत खुद्द नळीचा धातूही जळू लागतो. शिवाय नायट्रोजन निरुपयोगी असला तरी उष्णता शोषून ज्वाला थंड ठेवण्याचं काम तो करत असतो. तो नसला की ज्वाला इंजिनच वितळवायला निघते.

जपानने हा विषय पुन्हा हातात घेतला तो एका गैरसमजामुळे. इंग्लंडच्या वेमथ इथल्या व्हाइटहेड कारखान्यात काही काळ राहिलेल्या ओयागी या जपानी नौदल अधिकाऱ्याने १९२७ च्या सुमारास मायदेशी कळवलं की ब्रिटिश ऑक्सिजनचे टॉर्पेडो करत आहेत. प्रत्यक्षात ‘नेल्सन’ आणि ‘रॉडनी’ या युद्धनौकांसाठी ब्रिटिशांनी ऑक्सिजनचं प्रमाण वाढवलेली हवा वापरली होती, शुद्ध ऑक्सिजन नव्हे, आणि पुढे तोही मार्ग सोडला. पण ‘त्यांना जमलं, म्हणजे जमण्यासारखं आहे’ एवढा विश्वास जपान्यांना पुरला. १९२८ पासून कुरे इथल्या नौदलाच्या शस्त्रागारात किशिमोतो कानेजी आणि असाकुमा तोशिहिदे यांच्या देखरेखीखाली काम सुरू झालं.

त्यांची उत्तरं ऐकायला अगदी साधी आहेत. नळ्यांमधली तीव्र वळणं काढून टाकली. ऑक्सिजन जिथून जिथून जाणार ते भाग तेलाचा अंशही उरणार नाही इतके धुऊन काढण्याची शिस्त लावली. आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे इंजिन ऑक्सिजनवर सुरूच करायचं नाही. आधी एका छोट्या टाकीतल्या साध्या हवेवर ज्वाला पेटवायची, ती स्थिर झाली की हळूहळू ऑक्सिजन वाढवत न्यायचा. जपानी विज्ञानाची अद्भुत झेप वगैरे वर्णनं या टॉर्पेडोबद्दल वाचायला मिळतात. मला तरी यात झेप कमी आणि नळ सफाईची चिकाटी जास्त दिसते. गुप्तताही तशीच कडक होती. ऑक्सिजनला ‘ऑक्सिजन’ म्हणायचं नाही, ‘दुसरी हवा’ म्हणायचं.

१९३३ मध्ये तयार झालेला हा ‘टाइप ९३’. जपानी शाही कालगणनेत ते वर्ष २५९३ होतं, त्यातले शेवटचे दोन आकडे नावाला चिकटले. लांबी ९ मीटर, व्यास ६१ सेंटिमीटर, वजन पावणेतीन टनांच्या आसपास, स्फोटकं ४९० किलो. सुमारे ४८ नॉट, म्हणजे ताशी ८९ किलोमीटर वेगाने तो २० किलोमीटर जाई. वेग ३६ ते ३८ नॉटवर आणला तर ४० किलोमीटर. अमेरिकन विनाशिकांवरचा ‘मार्क १५’ ४५ नॉटने जेमतेम साडेपाच किलोमीटर जात असे. ‘आय-१९’ने वापरला तो पाणबुडीसाठी केलेला धाकटा भाऊ, ‘टाइप ९५’. पल्ला कमी, रसायन तेच.

या शस्त्रावर इतकी मेहनत घेण्यामागे हिशेब होता. १९२२ च्या वॉशिंग्टन कराराने अमेरिका, ब्रिटन आणि जपान यांच्या मोठ्या युद्धनौकांचं प्रमाण ५:५:३ असं बांधलं होतं. अमेरिकन आरमार प्रशांत महासागर ओलांडून येईल, तेव्हा निर्णायक लढाईआधीच रात्रीच्या अंधारात क्रूझर (मध्यम आकाराच्या युद्धनौका) आणि विनाशिकांनी दुरून टॉर्पेडो सोडून ते छाटायचं, अशी जपानची योजना. त्यासाठी ‘किताकामी’ आणि ‘ओई’ या क्रूझरवर प्रत्येकी ४० टॉर्पेडो नळ्या बसवल्या गेल्या. ती लढाई ठरल्यासारखी कधी झालीच नाही आणि या दोन नौका मुख्यतः सैनिक आणि सामान वाहत राहिल्या.

टोकियोतल्या अमेरिकन नौदल प्रतिनिधीच्या कानावर या टॉर्पेडोची बातमी १९४० मध्येच आली होती. त्याने ती वॉशिंग्टनला कळवली. तिथल्या तज्ज्ञांनी हे अशक्य आहे म्हणून बाजूला ठेवली. त्याची किंमत पुढे मोजावी लागली. २७ फेब्रुवारी १९४२ ला जावा समुद्रात ‘नाची’ आणि ‘हागुरो’ या क्रूझरनी रात्री बारा टॉर्पेडो सोडले आणि ‘डी रॉयटर’ व ‘जावा’ या दोन डच क्रूझर काही मिनिटांच्या अंतराने गेल्या. दोस्त राष्ट्रांच्या ताफ्याचे प्रमुख कारेल डोरमन ‘डी रॉयटर’बरोबर बुडाले. ३० नोव्हेंबर १९४२ ला ग्वाडालकॅनालजवळ तासाफारोंगाला तानाका रायझो यांच्या आठ विनाशिकांनी पाच अमेरिकन क्रूझरपैकी चार फोडल्या. ‘नॉर्थहॅम्प्टन’ बुडाली. ‘न्यू ऑर्लिन्स’चा पुढचा भाग तोफेच्या दुसऱ्या बुरुजापर्यंत तुटून गेला. खलाशांनी तुलागी बेटावर नारळाच्या ओंडक्यांचं तात्पुरतं तोंड बांधलं आणि जहाज उलटं, शेपटीकडून हाकत ऑस्ट्रेलियाला नेलं. एवढं होऊनही अमेरिकन अधिकाऱ्यांचा संशय पाणबुड्यांवरच होता, कारण इतक्या दुरून विनाशिकेचा टॉर्पेडो येऊ शकतो हे त्यांच्या गणितात बसत नव्हतं. १९४३ च्या सुरुवातीला ग्वाडालकॅनालच्या किनाऱ्यावर एक आख्खा टॉर्पेडो हाती लागला, तेव्हा कुठे उलगडा झाला.

पण चाळीस किलोमीटरचा तो प्रसिद्ध पल्ला मला फारसा कामाचा वाटत नाही. तेवढं अंतर कापायला टॉर्पेडोला पस्तीस मिनिटं लागतात. तेवढ्यात वीस नॉटने चाललेलं जहाज एकवीस-बावीस किलोमीटर पुढे गेलेलं असतं. म्हणजे अर्ध्या तासानंतर शत्रूचा कप्तान कुठे असेल हे आत्ताच ओळखून नेम धरायचा! तो मध्येच थोडासा वळला तरी खेळ संपला. जावा समुद्रात जपान्यांनी दीडशेच्या आसपास टॉर्पेडो खर्चले. त्यांना बळी पडलेली जहाजं तीन. काहींची स्फोट घडवणारी कळ इतकी हळवी होती की ते लाटेवर किंवा दुसऱ्या जहाजाच्या खळबळीतच वाटेत फुटले. खरे यशस्वी हल्ले झाले ते बऱ्याच जवळून आणि अंधारात.

शिवाय चुकलेला टॉर्पेडो पुढे कुठे जाईल याचा भरवसा नाही. जावा समुद्रातल्या लढाईच्या दुसऱ्याच रात्री सुंदा सामुद्रधुनीत ‘मोगामी’ या क्रूझरने अमेरिकेच्या ‘ह्यूस्टन’वर सहा टॉर्पेडो सोडले. सगळे चुकले आणि मागे नांगरलेल्या जपानच्याच जहाजांवर जाऊन आदळले. एक सुरुंग काढणारी नौका बुडाली, सैन्य उतरवणाऱ्या जहाजांना भोकं पडली. जावावर चालून आलेल्या सैन्याचे सेनापती इमामुरा हितोशी यांना तेलाने माखलेल्या पाण्यात उडी मारून किनारा गाठावा लागला. नौदलाचे लोक क्षमा मागायला आले, तेव्हा सैन्याने मोठ्या मनाने हे श्रेय ‘ह्यूस्टन’लाच राहू दिलं.

ऑक्सिजनचा स्वभाव मात्र जहाजावरही बदलत नाही. शत्रूचा बाँब डेकवर पडला आणि ऑक्सिजनने भरलेले टॉर्पेडो पेटले, तर आपल्याच शस्त्राने जहाज फुटतं. मिडवेच्या लढाईनंतर ६ जून १९४२ ला ‘मिकुमा’ या जपानी क्रूझरचं नेमकं हेच झालं. तिच्यासोबतच्या ‘मोगामी’वर दुरुस्ती पथकाच्या प्रमुखाने आपले टॉर्पेडो आधीच समुद्रात टाकून दिले होते, तिच्यावरही बाँब पडले, पण ती वाचली. १९४४ मध्ये फिलिपीन्सजवळ समारच्या लढाईत बुडालेल्या ‘चोकाई’ या जपानी क्रूझरबद्दलही अनेक वर्षं हेच सांगितलं जायचं, की छोट्या अमेरिकन जहाजाचा गोळा तिच्या टॉर्पेडोंवर पडला. २०१९ मध्ये ‘पेट्रेल’ या संशोधन जहाजाला तिचे अवशेष सापडले आणि टॉर्पेडो शाबूत निघाले.

१९४३ च्या मध्यापासून पारडं फिरलं. अमेरिकनांनी आपल्या टॉर्पेडोंमधले दोष दुरुस्त केले, आणि रडारमुळे अंधार जपान्यांच्या बाजूचा राहिला नाही. ६ ऑगस्ट १९४३ ला सॉलोमन बेटांमधल्या व्हेला आखातात अमेरिकन विनाशिकांनी चारपैकी तीन जपानी विनाशिका तोफ न डागता, आधी टॉर्पेडोंनीच टिपल्या. पल्ला अमेरिकनांचाच कमी होता. पण शत्रू आधी त्यांना दिसला होता.

जहाजं बुडत गेली आणि टाइप ९३ गोदामात पडून राहू लागले. त्यातून ‘काइतेन’ हे माणसाने चालवायचं आत्मघाती शस्त्र निघालं. टॉर्पेडोच्या इंजिनाभोवती जाड नळकांडं चढवून मध्ये एका माणसाची बैठक, पेरिस्कोप आणि पुढे दीड टनाहून जास्त स्फोटकं. त्याला मागे सरकता येत नसे. पाणबुडीच्या पाठीवर बांधून न्यायचं, तर त्या पाणबुडीलाही खोल बुडी मारता येत नसे. काइतेनचा एक जनक कुरोकी हिरोशी सप्टेंबर १९४४ मध्ये सरावातच मेला. दुसरा, निशिना सेकिओ, २० नोव्हेंबरला उलिथी बेटाजवळ ‘मिसिसिनेवा’ या तेलवाहू जहाजावरच्या हल्ल्यात. युद्ध संपेपर्यंत काइतेनने बुडवलेल्या महत्त्वाच्या नौका दोनच, हे तेलवाहू जहाज आणि ‘अंडरहिल’ ही रक्षक विनाशिका. त्यासाठी शंभराहून अधिक तरुण चालक गेले, आणि त्यांना वाहून नेणाऱ्या पाणबुड्यांमधले शेकडो खलाशी वेगळेच.