विंदालूत बटाटा कुठून आला?

विंदालू मूळचा पोर्तुगीज. ‘विन्या द आल्युश’, म्हणजे वाइन किंवा व्हिनेगर नि लसणीत मुरवलेलं मांस. गोव्यात वाइनची जागा माडाच्या सुरेपासून केलेल्या व्हिनेगरनं घेतली, पोर्तुगीजांनीच अमेरिकेहून आणलेली मिरची पडली आणि नाव झिजत झिजत विंदालू झालं. गोव्याबाहेरच्या आचाऱ्यांना त्यात ‘आलू’ ऐकू आला, आणि त्यांनी पातेल्यात खरोखर बटाटे सोडले! नक्कल करताना झालेली चूक, आणि ती टिकली. जनुकांत असं घडलं तर त्याला उत्परिवर्तन म्हणतात.

ही तुलना जुनी आहे. भाषा आणि सजीवांच्या जाती सारख्याच रीतीनं घडतात, असं डार्विननं 1871 मध्ये ‘द डिसेंट ऑफ मॅन’मध्ये लिहिलं होतं. 1976 मध्ये रिचर्ड डॉकिन्सनं ‘द सेल्फिश जीन’मध्ये डोक्याडोक्यांतून पसरणाऱ्या कल्पनेला ‘मीम’ हे नाव दिलं. शब्द गाजला; शास्त्र म्हणून मात्र फारसं काही उभं राहिलं नाही. खरं काम गणितवाल्यांनी केलं. कावाली-स्फोर्झा आणि फेल्डमन यांनी 1981 मध्ये, बॉइड आणि रिचर्सन यांनी 1985 मध्ये. जनुकं आईबापांकडून येतात. चालीरीती शेजाऱ्याकडून, मास्तरांकडून, सोबत्यांकडूनही येतात, आणि हा फरक त्यांनी समीकरणांत धरला.

फ्रेंच मानववंशशास्त्रज्ञ डॅन स्पर्बरचा या तुलनेवरचा आक्षेप मला जास्त पटतो. माणूस सहसा नुसती नक्कल करत नाही, ऐकलेलं आपल्या डोक्यात नव्यानं जुळवतो. बटाटा चुकून आला, हे खरं. पण सुरेचं व्हिनेगर कुणीतरी हाताशी काय आहे ते बघून वापरलं, आणि तसा विचार जनुक करत नाही.

जनुकांचं गणित आणि चालीरीतींचा शोध, या दोन्ही वाटा तुडवलेला माणूस गोव्याचाच. दामोदर धर्मानंद कोसंबी, जन्म 1907. गुणसूत्रावर दोन जनुकांमधलं अंतर काढण्याचं त्यांचं 1944 चं सूत्र आजही ‘कोसंबी फलन’ म्हणून वापरतात. तेच कोसंबी पुढे पुण्याच्या आसपासच्या माळांवर शेंदूर फासलेले दगड बघत हिंडले. ‘मिथ अँड रिॲलिटी’ (1962) त्यातून आलं. म्हसोबा कसा टिकला, हा प्रश्न त्यांनी जनुकांच्या गणितानं सोडवला नाही. उत्तर त्यांनी धनगरांच्या वाटांवर, नांगरटीत आणि जुन्या व्यापारी घाटांत शोधलं.