तीन महिन्यांची शुगर आणि सातपुड्याचे रक्त

खानदेशात मधुमेहाला मधुमेह म्हणणारा माणूस दवाखान्याबाहेर क्वचितच भेटतो. धुळे-जळगावकडे "माले शुगर शे" एवढे म्हटले की पुरते, आणि एचबीएवनसी या तपासणीला रुग्णापासून कंपाउंडरपर्यंत सगळेच "तीन महिन्यांची शुगर" म्हणतात. नाव चपखल आहे, पण त्यात एक गृहीत दडलेले आहे. रक्तातली तांबडी पेशी तेवढे दिवस जगते, हे ते गृहीत. सातपुड्याच्या पायथ्याशी काम करणाऱ्या हार्मोनतज्ज्ञाला ते दर वेळी तपासून घ्यावे लागते.

समजा, धडगावकडचा एक चाळिशीतला शेतकरी ओपीडीत आला आहे. अंगाने सडसडीत, डोळ्यांत किंचित पिवळसर झाक, पायांना मुंग्या येतात, रात्रीतून चार वेळा लघवीला उठावे लागते. हातातल्या चिठ्ठीवर उपाशीपोटीची साखर १८२ आणि एचबीएवनसी ५.२ टक्के. पहिला आकडा मधुमेहाचा आहे, कारण उपाशीपोटी १२६ किंवा त्याहून जास्त साखर दोनदा आढळली की निदान पक्के धरतात. दुसरा आकडा मात्र निरोगी माणसाचा आहे, कारण तिथे मधुमेहाची रेषा ६.५ टक्क्यांवर आखलेली आहे. दोन्ही आकडे एकाच हातातून एकाच सकाळी काढलेल्या रक्ताचे. मग खरे कोणते मानायचे?

अशा प्रश्नाला उत्तर देण्याचा अधिकार मिळवायला आपल्याकडे किमान साडेअकरा वर्षे लागतात. इंटर्नशिप धरून एमबीबीएसची साडेपाच, मग मेडिसिनमधील एमडीची तीन, आणि त्यानंतर नीट एसएस ही अतिविशेष अभ्यासक्रमांची प्रवेशपरीक्षा ओलांडून एंडोक्रायनॉलॉजीच्या, म्हणजे हार्मोनशास्त्राच्या, डीएम या पदवीची तीन. मध्ये बंधपत्राची सरकारी सेवा आली तर ती निराळी. धुळे, जळगाव आणि नंदुरबार या तिन्ही ठिकाणी आता शासकीय वैद्यकीय महाविद्यालये आहेत, त्यामुळे घरची भाकरी खाऊन एमबीबीएस होता येते. डीएमसाठी मात्र मुंबईच्या केईएमसारख्या मोठ्या संस्थेची वाट धरावी लागते. तिथे थायरॉइड, पियुषिका आणि अधिवृक्क या ग्रंथी, वाढ खुंटलेली मुले, पाळीच्या तक्रारी, कॅल्शियमचे बिघाड असा सगळा पसारा शिकवला जातो. गावी परतल्यावर तोच डॉक्टर "शुगरवाला" होतो, आणि त्यात त्याने वाईट वाटून घेण्याचे कारण नाही. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या आयसीएमआर-इंडियाब या देशव्यापी मधुमेह पाहणीनुसार देशात १० कोटींहून अधिक लोकांना मधुमेह आहे, तेव्हा दारापुढची रांग बहुतेक त्यांचीच असणार.

आता त्या चिठ्ठीकडे वळू. रक्तातील ग्लुकोज हिमोग्लोबिनला हळूहळू चिकटत राहते. त्यासाठी कोणत्याही विकराची (एन्झाइमची) गरज लागत नाही. साखर जितकी जास्त आणि सहवास जितका लांब, तितके चिकटणे अधिक. मधुमेहींच्या रक्तात असे वेगळे हिमोग्लोबिन वाढलेले असते, हे तेहरानमध्ये सॅम्युएल रहबर यांच्या १९६८ साली लक्षात आले. तांबडी पेशी साधारण १२० दिवस जगते, म्हणून चिकटलेल्या साखरेवरून गेल्या दोन-तीन महिन्यांची सरासरी काढता येते. उपास करावा लागत नाही, आणि तपासणीच्या आदल्या दिवशी गोड टाळून डॉक्टरांच्या डोळ्यांत धूळही फेकता येत नाही. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आमरसाबरोबर किती खापराच्या पुरणपोळ्या झाल्या, याचा माग जूनपर्यंत रक्तात राहतो. जागतिक आरोग्य संघटनेने २०११ मध्ये निदानासाठीही ही तपासणी मान्य केली.

पण पेशीच जर लवकर मरत असेल तर? सातपुड्यातील भिल्ल, पावरा अशा आदिवासी समाजांत सिकलसेल हा रक्ताचा आनुवंशिक दोष आढळतो. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागेवर ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन बसते, आणि एवढ्या एका अदलाबदलीने ऑक्सिजन कमी पडताच पेशी विळ्यासारखी वाकडी होते. ज्याला हा दोष आईवडील दोघांकडून मिळाला, त्याच्या पेशी जेमतेम १० ते २० दिवस जगतात. साखरेला चिकटायला वेळच मिळत नाही. खरे तर त्याच्या रक्तात ए प्रकारचे प्रौढ हिमोग्लोबिनच तयार होत नाही, तेव्हा त्याचे "एवनसी" मोजणे म्हणजे नसलेल्या विहिरीचे पाणी मोजण्यासारखे आहे. तरीही काही यंत्रे आकडा छापून देतात. आमच्या शेतकऱ्याचा ५.२ हा असाच आकडा. "थंडीत सांधे धरतात का, लहानपणी कधी रक्त चढवले होते का", हे दोन प्रश्न डॉक्टरांनी विचारले असते तर चिठ्ठी हातात येण्याआधीच शंका यायला हवी होती.

दोष एकाच पालकाकडून आलेला वाहक बहुधा ठणठणीत असतो आणि त्याच्या पेशीही जवळपास पूर्ण आयुष्य जगतात. तरी २०१७ मध्ये आफ्रिकी वंशाच्या अमेरिकनांवर प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात, साखर सारखीच असूनही वाहकांचे एचबीएवनसी सुमारे ०.३ ने कमी भरले. हा फरक लहान वाटतो, पण रेषेच्या काठावरच्या माणसाला तो अलीकडे किंवा पलीकडे ढकलू शकतो. हिमोग्लोबिनचे प्रकार वेगळे करणाऱ्या एचपीएलसी पद्धतीच्या यंत्रात ते आलेखावर वेगवेगळ्या सुळक्यांसारखे उमटतात आणि एस, म्हणजे सिकलसेलच्या, प्रकाराचा जास्तीचा सुळका जाणत्या नजरेला लगेच दिसतो. माझी तक्रार अशी की, रुग्णाच्या हाती पडते ती फक्त एका आकड्याची चिठ्ठी. आलेख लॅबमध्येच राहतो.

याच्या उलट चूक लोहाच्या कमतरतेत होते. त्या पांडुरोगात, म्हणजे रक्तक्षयात, एचबीएवनसी खोटेच थोडे वाढलेले दिसते आणि लोहाच्या गोळ्या सुरू झाल्या की साखरेत काहीही बदल न होता ते उतरते. म्हणून निंदणी-वेचणी करून आलेल्या फिकट चेहऱ्याच्या बाईला ६.६ या एकाच आकड्यावर मधुमेही ठरवणे घाईचे होईल. अशा वेळी तज्ज्ञ जुन्याच हत्यारांकडे वळतो: उपाशीपोटीची साखर, ७५ ग्रॅम ग्लुकोज पाजून दोन तासांनी घेतलेली साखर, घरी ग्लुकोमीटरवर वेगवेगळ्या वेळी केलेल्या नोंदी. सोय असेल तर फ्रुक्टोसामीन, जे रक्तद्रवातील प्रथिनांना चिकटलेली साखर मोजते आणि गेल्या दोन-तीन आठवड्यांचा हिशेब देते.

त्या शेतकऱ्याचा सडसडीतपणाही तितकाच फसवा आहे. पुण्याचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे जॉन युडकिन यांनी २००४ मध्ये 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकात स्वतःचीच तुलना छापली होती: दोघांचाही बीएमआय, म्हणजे उंचीच्या मानाने वजनाचा आकडा, २२.३, पण शरीरातील चरबी युडकिन यांची ९.१ टक्के आणि याज्ञिकांची २१.२ टक्के. याज्ञिकांच्या गटाने पुण्याजवळच्या खेड्यांत तोलून पाहिलेली नवजात बाळे सरासरी २.७ किलोची होती, इंग्लंडमधली ३.५ किलोची, आपली बाळे हडकुळी, पण चरबी मात्र त्या मानाने राखून असलेली. "वाळलेल्या माणसाला कुठली शुगर" हे ओट्यावरचे शहाणपण त्यामुळे खानदेशात फार महागात पडते.

आकड्यांवरचा अविश्वास औषधापर्यंत न्यावा लागतो. मे महिन्यात जळगाव-भुसावळचा पारा ४५ अंशांना टेकतो. इन्सुलिनची न उघडलेली बाटली २ ते ८ अंशांत ठेवायची असते, वापरात असलेली साधारण २५ ते ३० अंशांपर्यंत सुमारे चार आठवडे टिकते, आणि इन्सुलिन हे प्रथिन असल्यामुळे उकाड्यात त्याची घडी विस्कटून ते निकामी होते. उन्हाळ्यात एखादीची साखर अचानक साडेतीनशेवर गेली की डोस वाढवण्याचा मोह होतो. त्याआधी विचारावे, "मावशी, बाटली कुठे ठेवता?" उत्तर येते, "कपाटमा, डाक्टर." घर पत्र्याचे असते.

फ्रिज नसेल तर मातीचे मडके कामी येते. मोठ्या मडक्यात वाळू घालून ती ओली ठेवायची, तिच्यात लहान मडके बसवायचे, त्यात प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधलेली बाटली ठेवून वर ओले फडके टाकायचे आणि मडके सावलीत वाऱ्याला ठेवायचे. पाण्याची वाफ होताना ती मडक्यातली उष्णता घेऊन जाते, आणि हवा जितकी कोरडी तितके हे काम जोरात चालते. म्हणून कोकणातल्या दमट उन्हाळ्यापेक्षा खानदेशच्या रखरखाटात ही युक्ती जास्त साधते. फ्रिज असलाच तर बाटली बर्फाच्या कप्प्यात जाणार नाही हे पाहायचे, कारण एकदा गोठलेले इन्सुलिनही वाया जाते. पावसाळ्यात हवा दमट झाली की मडके फारसे गार होत नाही, पण तोवर पाराही उतरलेला असतो.