मारिओ बावा : ट्रिकसीनमधून घडलेला दिग्दर्शक

भयपट, पौराणिक वीरांचे चित्रपट, विज्ञानपट, वेस्टर्न, खूनकथा: मारिओ बावाने सगळं केलं. पण ही यादी त्याच्या आवडीची नाही, त्या त्या वर्षी इटलीत काय खपत होतं त्याची आहे. त्याची स्वतःची म्हणावी अशी गोष्ट म्हणजे ट्रिक फोटोग्राफी, आणि ती घरचीच. १९१४ मध्ये सान रेमोत जन्मलेल्या मारिओचे वडील एउजेनिओ शिल्पकार होते आणि मूकपटांच्या काळातले छायालेखकही.

दिग्दर्शन त्याच्याकडे आलं ते इतरांची अर्धवट राहिलेली कामं निस्तरताना. 'ई वाम्पीरी' (१९५७) हा भयपट दिग्दर्शक रिकार्दो फ्रेदाने मध्येच सोडला आणि छायालेखक बावाने तो पुरा केला. त्यात तरुण बाई एकाच शॉटमध्ये म्हातारी होते. सुरकुत्या तांबड्या रंगाने काढायच्या. दिव्यावर लाल फिल्टर असेपर्यंत कृष्णधवल फिल्मवर त्या त्वचेत मिसळून जातात. उजेड हळूहळू हिरव्यावर नेला की काळ्या होऊन उमटतात. एक दिवा उतरताना दुसरा त्याच बेताने चढला नाही, तर चेहऱ्याचा उजेड हलतो आणि चोरी पकडली जाते. रंगीत फिल्मवर तर हे जमतच नाही. युक्ती जुनीच, हॉलिवूडमध्ये १९३१ मध्ये वापरलेली. पण हात सफाईचा.

१९५९ मध्ये जाक तूर्नरचा मॅरेथॉनच्या लढाईवरचा चित्रपटही त्यानेच मार्गी लावला. त्याची बक्षिसी म्हणून गालातेआ या निर्मिती कंपनीने त्याला 'ला मास्केरा देल देमोनियो' (१९६०) हा भयपट दिग्दर्शनासाठी दिला. ब्रिटनमध्ये त्यावर १९६८ पर्यंत बंदी होती.

'तेरोरे नेल्लो स्पात्सिओ' (१९६५) मधला परका ग्रह म्हणजे जुन्या सेटवरून उरलेले प्लास्टिकचे दोन खडक, धूर, रंगीत दिवे आणि आरसे. आरशाची रीत अशी: भिंगासमोर ४५ अंशांत आरसा लावायचा, नट जिथे दिसायला हवेत तेवढ्याच भागातला पारा खरवडायचा; उरलेल्या आरशात बाजूला ठेवलेलं छोटं मॉडेल दिसतं. कॅमेरा जागचा हलवायचा नाही. मॉडेल जवळ आणि नट लांब, म्हणून दोन्ही स्पष्ट यायला भिंगाचं उजेड आत घेणारं छिद्र बारीक ठेवावं लागतं, आणि त्यासाठी उजेड भरपूर लागतो.

निर्माता दीनो दे लाउरेन्तीसने 'डायबोलिक'साठी (१९६८) मोठी रक्कम देऊ केली, तरी बावाने तिच्यातला लहानसा हिस्साच वापरला. काटकसरीची ही सवय निर्मात्यांच्या पथ्यावर पडली, त्याच्या नव्हे. 'लिसा'ला (१९७३) गिऱ्हाईक मिळेना, तेव्हा निर्मात्याने भूत उतरवण्याचे प्रसंग घुसडून तो १९७५ मध्ये वेगळ्याच नावाने काढला. १९७४ चा 'कानी अराब्याती' निर्मात्याचं दिवाळं निघाल्याने अडकला आणि पडद्यावर आला तो १९९० च्या दशकात. बावा १९८० मध्येच वारला होता.