दुष्काळ कोण ठरवतो? पैसेवारीपासून 'सदृश'पर्यंत

सोयाबीनची काढणी सुरू झाली की मराठवाड्यात पैसेवारीची, म्हणजे प्रमाण उत्पन्नाच्या रुपयात गावाचे पीक किती पैसे आले या आकड्याची, चर्चा सुरू होते. 2017 पर्यंत गावाचा अंतिम आकडा 50 पैशांच्या आत आला तर त्या वर्षी तिथे दुष्काळ होता, बाहेर गेला तर नव्हता. पीक हातचे गेले हे शेतकऱ्याला ऑगस्टच्या उघडिपीतच कळलेले असते. पण त्याचे ते कळणे सरकारदरबारी धरले जात नाही. वर्षानुवर्षे धरला गेला तो समितीने सही केलेला आकडा. हा मान आकड्याला कसा मिळाला आणि त्यात कोणाचे म्हणणे बाहेर राहिले, याची ही पार्श्वभूमी.

फार मागे जाण्याचे कारण नाही. चौदाव्या शतकाच्या शेवटी सुरू झालेला दुर्गादेवीचा दुष्काळ दख्खनच्या आठवणीत आहे. 1876-78 च्या दुष्काळानंतर इंग्रजी मुलखात दुष्काळ संहिता आल्या आणि दुष्काळ ओळखण्याचे काम अधिकाऱ्याच्या अहवालाकडे गेले. मराठवाडा तेव्हा निजामाच्या राज्यात होता. 1948 मध्ये तो मुक्त झाला, 1956 मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात आला आणि मग मुंबईकडची महसुली वहिवाट इथेही लागू झाली. आण्यांची नाणी गेल्यावर आणेवारीची पैसेवारी झाली. जुनी माणसे मात्र आजही 'आठ आणे पीक' असेच बोलतात.

खरा गुंता 1963 पासून सुरू होतो. त्या वर्षी राज्याच्या विधिमंडळाने एक कायदाच केला. राज्यात लागू असलेल्या कायद्यांमधून 'फॅमिन' हा शब्द काढायचा आणि त्या जागी 'स्केअर्सिटी', म्हणजे टंचाई, लिहायची. कारण असे दिले गेले की शासन पीकपाण्यावर सतत लक्ष ठेवून असते आणि टंचाईची चिन्हे दिसताच मदतकार्य सुरू करते, तेव्हा फॅमिनची वेळ येणारच नाही. नऊ वर्षांनी बहात्तर उजाडले. माणसे खडी फोडत होती, नालाबांधाच्या कामांवर पोरे सुकडी खात होती, रेशनवर परदेशातला लाल मिलो, म्हणजे लाल ज्वारी, येत होता. 1973 च्या उन्हाळ्यात राज्यभरात मदतकामांवर जवळपास 50 लाख माणसे होती. कायद्याच्या भाषेत ही टंचाई होती. मराठवाड्यात तिला टंचाई कोणी म्हटले नाही. कोणाचा जन्म, कोणाचे लग्न सांगताना 'बहात्तरच्या दुष्काळाच्या आधी' आणि 'नंतर' अशीच गणना आजही होते. शासनाची बाजूही नोंदवली पाहिजे. त्या वर्षी उपासमारीने जेवढी माणसे दगावण्याची भीती होती तेवढी दगावली नाहीत, आणि रोजगार हमी त्याच काळातून उभी राहिली. तरीही संकटाचे नाव कायद्यातून आधी काढायचे आणि मग संकट येणार नाही असे मानायचे, हे मला आजही पटत नाही.

आता पैसेवारी. गावपातळीवरच्या समितीत महसूल आणि कृषी खात्याची माणसे असतात, सरपंच आणि सोसायटीचे अध्यक्ष असतात, काही शेतकरीही असतात. हलकी, मध्यम आणि भारी अशा जमिनींतून शेते निवडायची, दोरी टाकून तुकडा आखायचा, तेवढेच पीक कापायचे, मळायचे, वजन करायचे आणि प्रमाण उत्पन्नाशी ताडून पाहायचे. नियम चोख आहे. अडचण दोरी कुठे पडते तिथे आहे. रस्त्यालगतच्या, विहिरीखालच्या शेतात ती पडली तर माळावरच्या हलक्या रानाचे हाल आकड्यात उतरत नाहीत. आणि माळावरचे रान बहुतेक कोणाचे असते, हे गावात सगळ्यांना ठाऊक असते. शिवाय नजरअंदाज पैसेवारी निघते तेव्हा पीक उभे असते. पाने हिरवी असतात, शेंगा पोचट आहेत की भरलेल्या ते बांधावरून दिसत नाही.

त्यात 'रब्बी गाव' हा आणखी एक घोळ. पेऱ्याच्या प्रमाणावरून गावे खरीप आणि रब्बी अशी विभागलेली आहेत. बीड-धाराशिवकडच्या कित्येक गावांत ज्वारीचा पेरा आटला आणि सोयाबीन शिवारभर पसरले, तरी दप्तरात गाव रब्बीच राहिले. अशा गावात सोयाबीन जळाले तरी रब्बीची पैसेवारी निघेपर्यंत थांबायचे. शिवार बदलले, नोंद बदलली नाही, आणि खरे मानले गेले ते नोंदीला.

2012 पासूनची वर्षे या सगळ्याची कसोटी ठरली. 2012 गेले, 2014 गेले, 2015 ला तर बहुतेक गावांची पैसेवारी 50 च्या आत आली. तरी शासन निर्णयात शब्द होता 'दुष्काळसदृश परिस्थिती'. मार्च 2016 मध्ये लातूर शहरात पाणी भरण्याच्या ठिकाणी जमावबंदी लागू झाली. 12 एप्रिलला मिरजेहून 5 लाख लिटर पाणी घेऊन पहिली रेल्वे लातूरला पोहोचली. कागदावर तेव्हाही 'सदृश'च होते. प्रकरण न्यायालयात गेले आणि मे महिन्यात शासनाला लिहून द्यावे लागले की आधीच्या आदेशांत जिथे 'दुष्काळसदृश' आहे तिथे 'दुष्काळ' असे वाचावे. राज्यातली 29 हजारांहून जास्त गावे अशी एका परिपत्रकाने दुष्काळी झाली. त्या दिवशी आभाळात किंवा विहिरीत काहीही बदलले नव्हते.

शासनाच्या बाजूने सांगितले गेले की नाव कोणतेही असो, सवलती त्याच मिळतात: जमीन महसुलात सूट, कर्जाचे पुनर्गठन, शेतीकर्जाच्या वसुलीला स्थगिती, कृषिपंपाच्या वीजबिलात 33.5 टक्के सूट, परीक्षा शुल्क माफी, टँकर. हा मुद्दा अगदीच टाकाऊ नाही. पण सवलत देणारा आपल्या मर्जीने देतो आणि दुष्काळ जाहीर झाला की मागणाऱ्याच्या बाजूला हक्क येतो. बँकेच्या दारात, कॉलेजच्या खिडकीवर हा फरक लगेच कळतो. 'सदृश' म्हणणाऱ्या कागदाला तिथे उत्तर ठरलेले असते: वरून स्पष्ट आदेश येऊ द्या.

त्याच वर्षाच्या अखेरीस केंद्राची नवी दुष्काळ संहिता आली आणि राज्याने ती 2017 मध्ये स्वीकारली. पैसेवारी मागे पडली. आधी पावसाची तूट, मग पेरणीचे क्षेत्र, उपग्रहाने टिपलेला पिकांचा हिरवेपणा, जमिनीतली ओल, धरणांतला साठा, आणि शेवटी काही निवडक गावांत प्रत्यक्ष पडताळणी. गावच्या राजकारणातून आकडा सुटला हे चांगलेच झाले. मात्र दोरी शेतातून निघून पडद्यावर गेली आणि शेतकऱ्याला निदान भांडायला जो माणूस समोर होता तोही राहिला नाही. 31 ऑक्टोबर 2018 ला 151 तालुके जाहीर झाले. 2023 मध्ये फक्त 40. लातूर जिल्ह्यातून एकटा रेणापूर यादीत होता. गदारोळ झाला, मग इतर तालुक्यांतल्या कित्येक महसूल मंडळांसाठी (मंडळ म्हणजे तालुक्यातला काही गावांचा गट) नोव्हेंबरात कोणता शब्द परत आला? 'दुष्काळसदृश'.

पीकविम्यातही हेच. उंबरठा उत्पन्न, म्हणजे ज्याच्या खाली पीक गेले तरच भरपाई मिळते ती पातळी, काढताना मागची सात वर्षे धरतात आणि त्यातली दोन वाईट वर्षे वगळता येतात. 2012 ते 2018 या सात वर्षांत मराठवाड्याची चार वाईट गेली. दोन वगळली तरी दोन हिशेबात उरतातच. सरासरी खाली येते आणि पुढच्या वर्षीची नापिकी तेवढी वाईट दिसत नाही. सतत सोसणाऱ्याचे सोसणेच नेहमीचे ठरते. 'मराठवाडा दुष्काळीच' ही राज्यभर रुजलेली समजूत अशा सरासऱ्यांवर पोसली जाते. तिच्याआड मांजरा खोऱ्यातला ऊस लपतो हेही म्हटले पाहिजे. पाऊस मोजला जातो, पण पाणी कोणत्या शिवारात मुरले ते संहितेत कुठेच विचारलेले नाही. 2019 मध्ये विभागीय पातळीवरच्या एका अहवालाने इथल्या उसावर आणि कारखान्यांवर बंदीची शिफारस केली. तिचे पुढे काही झाले नाही.

सप्टेंबर 2025 मध्ये गोष्ट उलटी झाली. सिंदफणा, मांजरा, सीना, गोदावरी पात्र सोडून वाहिल्या. पीक गेलेच, कित्येक शेतांतली मातीही खरडून गेली. 'ओला दुष्काळ जाहीर करा' ही मागणी गावोगाव उठली. उत्तर आले की नियमावलीत ओला दुष्काळ ही संकल्पनाच नाही, पण दुष्काळात मिळणाऱ्या सवलती दिल्या जातील. संहितेची पहिली पायरी पावसाची तूट ही आहे, त्यामुळे अशा शिवाराला पहिलाच रकाना भरता येत नाही. अतिवृष्टीच्या मदतीला मंडळात 24 तासांत 65 मिलिमीटर पावसाची अट आहे. नदीकाठच्या गावात पाऊस कमी पडला आणि वरच्या धरणाच्या पाण्याने शेत नेले, तर मंडळाच्या पर्जन्यमापकात ते दिसत नाही. पंचनामा होईपर्यंत त्या शेतकऱ्याला आपले नुकसान शेजारच्या मंडळाच्या पावसावरून पटवून द्यावे लागते.